बरणीतली दुपार

१

जेवणं उरकली, भांडी घासून पालथी पडली, की साकाई गावातल्या इसोया या उदबत्त्यांच्या दुकानात बराच वेळ गिऱ्हाईक फिरकत नसे. तोमेकिचीला ही वेळ फार आवडे. उदबत्त्यांची जुडगी बांधत तो दाराशी बसे, ओताने नावाच्या त्याच्या सासूबाई शेगडीवर किटली ठेवून पेंगत, आणि त्याची बायको शिनो मागच्या खोलीत वास ऐकायला जाई.

ऐकायलाच. हुंगतात ती कुत्री आणि गिऱ्हाइकं. उदबत्तीच्या घरातली माणसं वास ऐकतात. शिनोची रीत ठरलेली होती. पेल्यात राख, राखेत पुरलेला निखारा, वर अभ्रकाचा नखाएवढा तुकडा, आणि त्यावर चिंचोक्याएवढी काळी, मऊसर गोळी. गोळी जळायची नाही, नुसती तापायची. मग ती दार सरकवून घेई. इकडे किटली गुणगुणू लागली की दार पुन्हा सरके आणि शिनो बाहेर येऊन चहा ओती.

यात वावगं काय होतं? उलट तोमेकिची गिऱ्हाइकांना तोऱ्यात सांगे, "आमची मालकीण रोज नाकाला धार लावते. सुऱ्यांच्या गावात आम्ही एवढं तरी करायला हवं."

त्या दिवशी सासूबाईंनी शिनोला गडद निळ्या कापडाचा तागा दिला होता. कापडवाल्याच्या दोऱ्याची गाठही सुटलेली नव्हती. तो काखोटीला मारून ती आत गेली. किटली गुणगुणली, दार सरकलं. शिनो बाहेर आली तेव्हा तिच्या हातात पुरुषाचा अंगरखा होता. बाह्या लावलेल्या, अस्तर घातलेलं, घड्या पाडलेल्या.

"झाला?"

"झाला की."

"इतक्यात?"

शिनोने त्याच्याकडे पाहिलं. दूरगावी बरेच महिने काढून आलेलं माणूस शेजाऱ्याला बघतं, ओळख पटते पण नाव आठवायला एक क्षण लागतो, तसं. मग ती हसली.

"अहो, तुम्ही अजून तेच जुडगं बांधताय?"

दुसऱ्या दिवशी सकाळी ती विहिरीवर गेली असताना तोमेकिचीने तो अंगरखा अंगात घालून पाहिला. टाका इतका सारखा की बोट फिरवलं तरी कळू नये. घाईचं काम नव्हतं ते. आणि बाह्यांतून त्याची बोटं बाहेर येईनात.

२

सार्वजनिक न्हाणीघरात त्याने ही गोष्ट कुमाझोच्या कानावर घातली. कुमाझो सुऱ्या घडवणारा, त्याचा शेजारी. अंगावरून गरम पाणी ओतत तो खो खो हसला.

"माझ्या बायकोला एक मोजा रफू करायला अख्खा हिवाळा लागतो! आणि हा बघा, बायकोचं काम पटकन होतं म्हणून रडतोय. अरे, देवळात जा, घंटा वाजव, आभार मान."

"बाह्या लांब आहेत रे."

"मग दुमडून घाल."

"माझ्यासाठी शिवलेलाच नाहीये तो."

कुमाझोच्या हातातला तांब्या थांबला. "हां," तो म्हणाला, आणि मग बराच वेळ त्याने पाठ चोळण्याकडेच लक्ष दिलं.

त्याने विचारलं नाही, कारण गल्लीत सगळ्यांनाच ठाऊक होतं. इसोयात मुलगे जन्मत नाहीत. पिढ्यान्‌पिढ्या घरजावई आणून दुकान चालतं. शिनोचा पहिला नवरा हान्जिरो असाच आलेला. दुकानात शिरताना त्याला पडद्याखालून वाकावं लागे, इतका उंच. छातीच्या दुखण्याने तो गेला, सुतक फिटलं, दुकान बसायला लागलं, तेव्हा सासूबाईंनी आवाजी बेटावरून उदबत्त्या वळणाऱ्या घरातला तिसरा मुलगा आणला. पदरी पसाभर कोंडा असला तरी घरजावई होऊ नये, अशी तिकडे म्हण आहे. तोमेकिचीच्या पदरी कोंडाही नव्हता. पण त्याने दुकान सावरलं. ओसाकाच्या देवळांत माल पोचवला. शिनो त्याच्याशी नीट वागे, त्याच्या विनोदांना हसे, आणि आपण दोघं या दाराशी बसून म्हातारे होणार, असं तो मनाशी धरून चालला होता. त्याला दुसरं काही नकोच होतं.

'आधीच कधीतरी शिवून ठेवला असेल,' तो स्वतःला म्हणाला. 'तागा आत ठेवला, तयार कपडा बाहेर आणला. गंमत केली असेल.'

पण शिनो गंमत करणारी बाई नव्हती.

३

"आई, ती गोळी कुठली ऐकते शिनो?"

सासूबाईंनी डोळे न उघडताच उत्तर दिलं. "हान्जिरोंच्या बरणीतली."

"कुठली बरणी?"

"ओढ्याकाठी पुरलेली. मध घालून मळलेला माल जमिनीत मुरवतात, एवढं तरी तुमच्या बेटावर माहीत असेल? जाण्याआधी त्यांनी पुरली. पुरी मुरल्यावर शिनोने उघडली. जावईबापू, रागावू नका, पण ते नाक घेऊन आले होते आणि तुम्ही हात घेऊन आलात. दुकानाला दोन्ही लागतं."

"त्या मालात आहे काय असं?"

म्हातारीने एक डोळा उघडला. "त्यांचं म्हणणं असं, की प्रत्येक वासाला चाल असते. लवंग घोड्यासारखी, चंदन पालखीसारखं, ऊद बैलासारखा. कापूर म्हणजे उंदीर, दिसला म्हणेपर्यंत पसार. माणूस ज्या वासात बसेल, त्याच्या चालीने त्याच्याभोवतीचं जग चालतं. बैलगाडीत बसून बघा, वाट संपता संपत नाही. त्या बरणीत त्यांनी सगळे बैलच बैल भरलेत. इकडे किटली उकळते, तिकडे तिचा अख्खा महिना होतो."

"आणि तुमचा यावर विश्वास बसतो?"

"माझा विश्वास कुणाला हवाय? अंगरखा दिसतोय ना डोळ्यांना? मीही एकदा जाऊन बसले होते आत. एका गोळीत माझं सगळं रडून झालं. पुन्हा गेले नाही." तिने किटलीचं झाकण सारखं केलं. "शिनोचंही रडून केव्हाच झालंय. तरी ती जाते. का जाते ते मला विचारू नका."

तोमेकिची जुडग्याकडे परत गेला. त्याने गाठ मारली, सोडली, पुन्हा मारली. त्याच्या लक्षात एकेक गोष्ट येऊ लागली. आदल्याच दिवशी दोघांनी मिळून वळचणीतल्या पाकोळीची अंडी पाहिली होती, आज शिनोने विचारलं होतं, "त्या पिल्लांचं काय झालं हो पुढे?" केस विंचरताना तिच्या कानामागे पांढरी बट दिसली होती, वसंतात ती नव्हती. आणि परवा सुईत दोरा ओवताना तिने हात लांब धरला होता, सासूबाई धरतात तसा.

४

एका दुपारी तो दुकान सोडून मागच्या दाराशी जाऊन बसला. कान कागदी दाराला लावला. वासाने डोकं जड होऊ नये म्हणून नाकाला ओलं फडकं बांधलं.

आधी वाटलं, आत उंदीर आहेत. मग कळलं, सुई आहे. एकेक टाका ऐकू येत नव्हता. सगळे टाके एकात एक मिसळून, तव्यावर तीळ तडतडावेत तसा एकच आवाज. मध्येच पावलांची भिरभिर. मग कसलीशी चिवचिव. बारीक, उंच, पाखराची असावी तशी.

बऱ्याच वेळाने त्याच्या ध्यानात आलं की ते हसणं आहे. शिनोचं हसणं, महिन्याभराचं, चिमटीएवढ्या वेळात दाबून बसवलेलं.

ती बोलतही होती. शब्द कळत नव्हते, नुसती चिवचिव. चिवचिव व्हायची, थांबायची, पुन्हा व्हायची. एकटं माणूस स्वतःशी बोलतं तेव्हा असं थांबत नाही. दुसऱ्याचं बोलणं संपेपर्यंत थांबावं, तसं ते थांबणं होतं. त्या रिकाम्या जागेत तोमेकिचीने जिवाचा कान केला. तिथे काहीच नव्हतं. फक्त एकदा, दाराच्या कागदावर वरच्या बाजूला, आतून काहीतरी टेकल्यासारखा फुगवटा आला. कपाळ टेकावं तसा. शिनोचं कपाळ तिथवर पोचत नाही.

किटली गुणगुणली. तोमेकिची धडपडत दुकानात येऊन बसला.

शिनोने चहा ओतला. तिचा चेहरा भरल्या घरातून आलेल्या माणसासारखा शांत होता. तोमेकिचीला त्या शांतपणाचाच राग आला. रडून आली असती तर त्याने डोळे पुसले असते.

५

"कोण असतं आत?"

"कोण असणार?"

"शिनो, मी बाहेर बसलो होतो. तू बोलत होतीस."

तिने पेल्याची कड पुसली. "तुम्ही दुकानात असता तेव्हा मी विचारते का, कोण आलं होतं म्हणून?"

"मी दुकानात म्हातारा होत नाही!" त्याचा आवाज चढला, तशी सासूबाई पेंगणं सोडून परसात निघून गेल्या. "अगं, आरशात बघ जरा. आपण दोघांनी एकत्र म्हातारं व्हायचं होतं."

"होतेच आहे की मी म्हातारी."

"माझ्याबरोबर व्हायचं होतं ना!"

शिनोने पेला उपडा ठेवला. मग समजूत घालावी तशी ती म्हणाली, "बरणी अर्ध्यावर आलीय हो. संपली की संपली. मग मी तुमचीच आहे. सगळी."

ती खोटं बोलत नव्हती. हेच त्याच्या जिव्हारी लागलं. आणखी अर्धी बरणी संपेल तेव्हा ही किती वर्षांची असेल? सणाचं जेवण वाढून उरलेलं शिळंपाकं पुढे यावं, तशी ती त्याच्या वाट्याला येणार होती. तिचा उन्हाळा, तिची प्रौढ वर्षं, तिचं दुपारचं हसणं त्या उंच माणसाला, आणि त्याला राख.

आवाजीला त्याचा बाप म्हणायचा, बाजारातल्या चोरापेक्षा वजनात मारणारा वाईट. चोरीची बोंब मारता येते, वजनाची मारता येत नाही. तोमेकिचीच्या मनात त्या दुपारी हेच फिरत राहिलं. बायको रोज घरीच असते, चहा ओतते, अहो म्हणते. बोंब कसली मारणार?

६

हान्जिरोच्या श्राद्धाला शिनो आणि सासूबाई देवळात गेल्या. तोमेकिची दुकानाचं निमित्त सांगून मागे राहिला.

ओढ्याकाठी जाऊन त्याने बरणी उकरली. झाकणाचा कागद सोडला, तसा आतून वास आला, आणि ओढ्याचं पाणी दगडावरून उतरता उतरता जणू विचार करत थांबलं. त्याने तोंड फिरवून नाकाला ओलं फडकं बांधलं. बैलाला पळवायचं कसं, हे त्याने मनाशी ठरवून ठेवलं होतं. बैल बाजूला होणार नाही. पण सगळे उंदीर आत सोडले, तर ती आत बसेल न बसेल तोच गोळी संपेल. महिना नाही, घटका नाही, डोळ्याची पापणी लवेपर्यंत. हसायलासुद्धा वेळ मिळू नये. मग कंटाळून सोडेल.

त्याने बरणीत कापूर घातला. किती? हाताला सवय होती तितका. आवाजीला उदबत्तीच्या पिठात मूठ मूठ घालतात, तसा मूठ मूठ घातला, मध टाकून मळला, गोळ्या वळल्या. हात चांगले होते त्याचे, गोळ्या हुबेहूब झाल्या. बरणी पुन्हा पुरली.

आता हे त्याला कुणी सांगायचं? आवाजीला उदबत्त्या फळ्यांवर वाऱ्याला वाळत घालतात. समुद्रावरचा वारा दिवसभर खिडक्यांतून वाहतो आणि घातलेल्यातला बहुतेक कापूर घेऊन जातो. म्हणूनच तिथे मूठ मूठ घालतात. पुरलेल्या बरणीला वारा नसतो. आत सोडलेला एकही उंदीर बाहेर पळत नाही.

माल मुरायला त्याने पावसाळा लागेपर्यंत वाट पाहिली. तोवर शिनो आधीच काढून आणलेल्या गोळ्यांवर भागवत होती. एक दिवस त्या संपल्या आणि ती खुरपी घेऊन ओढ्याकडे गेली.

७

त्या दुपारी किटली गुणगुणली, उकळली, आटली. दार सरकलं नाही.

"आज रमलीय," सासूबाई म्हणाल्या. दिवेलागण झाली तेव्हा त्यांनी किटली शेगडीवरून उतरवली.

सकाळी तोमेकिचीने दार उघडलं.

शिनो बसली होती. मांडीवर कापड, हात वर उचललेला, सुईतला दोरा ताणलेला आणि हवेत तसाच. पेल्यातून निघालेला धुराचा तंतू केसासारखा ताठ उभा होता. मेलेली नव्हती ती. गालावर रंग होता. तिची मान किंचित डावीकडे वळलेली होती. खोलीत दोन आसनं, एकावर ती; दुसऱ्या, रिकाम्या आसनाकडे ती बघत होती. आणि ओठांच्या कोपऱ्यात हसू येऊ घातलं होतं.

"शिनो!" श्वास धरून, धावत जाऊन त्याने तिचा खांदा धरला. खांदा ऊबदार होता, पण डोंगरासारखा. बागेकडच्या कागदी दारावरचा उजेड एकाएकी विझला, पेटला, विझला, पेटला. वाऱ्यात दिवा फडफडावा तसा. तोमेकिची घाबरला. धरलेला श्वास सुटायच्या आत तो बाहेर पळाला.

परसात पर्सिमनची फळं झाडाला लाल होऊन लटकली होती.

सासूबाई पायरीवर बसल्या होत्या, वाळलेल्या, काठी टेकून. "आलात?" त्या म्हणाल्या. "भात गार झाला हो. पावसाळ्यातला आहे." मग त्यांचं तोंड वाकडं झालं. "काय घातलंत तुम्ही त्यात? जावईबापू, काय घातलंत?"

त्याने सांगितलं. म्हातारीने त्याला मारलं नाही, शिवी दिली नाही. ती एवढंच म्हणाली, "तिच्या एका क्षणात आता आपली वर्षं जाणार. तुम्ही तिला कायमचीच त्याच्यापाशी बसवलीत."

८

पुढे सासूबाई गेल्या. दुकान शिनोच्या दूरच्या नातलगाने पाहिलं, मग त्याच्या मुलाने. गल्लीतून ट्राम गेली, विजेचे दिवे आले. कुमाझोने भट्टी पोराकडे सोपवली आणि संध्याकाळी येऊन तो तोमेकिचीजवळ बसू लागला.

"विसर आता," तो म्हणे. "दुसरं लग्न कर. नाहीतर निदान दुसरी न्हाणी शोध, त्या न्हाणीचं पाणी अलीकडे फार गार असतं."

"ती हसतेय रे."

"हसू दे की."

"कुणाकडे बघून, ते विचार."

कुमाझो विचारत नसे.

तोमेकिची दर सकाळी बागेच्या बाजूने, वारा पाठीशी घेऊन, दार बोटभर सरकवून बघे. तेवढ्यानेही त्याचे दिवस गळत. बघायला वाके तेव्हा चेरीला कळ्या असत, ताठ उभा राही तेव्हा पाकळ्या झडत असत. गल्लीतली पोरं त्याला हसत. हिशेब असा होता, की ती एक श्वास घेईतो त्याचे केस पिकले होते. आता तो तिच्यापेक्षा म्हातारा दिसत होता. एकत्र म्हातारं होणं तर राहूनच गेलं.

आणि हसू उमलत होतं. आधी ओठांच्या कोपऱ्यात, मग गालावर, मग डोळ्यांखाली. एवढ्या वर्षांच्या संसारात असं हसू तिने तोमेकिचीला एकदाही दिलं नव्हतं. तो काही दुष्ट माणूस नव्हता; त्याला एवढंच कळत होतं, की हे हसू पुरं होईल तेव्हा ते कुणाच्या तरी तोंडावर पडणार. ज्या आसनाकडे ती बघतेय, त्या आसनावर जो असेल त्याला ते मिळणार. सगळं.

आसन तर रिकामंच दिसत होतं. आणि रिकाम्या जागेला काय, जो आधी बसेल त्याची.

एका सकाळी त्याने दाढी केली, चांगले कपडे घातले. कुमाझोने विचारलं, "कुठे निघालास नटून?"

"घरी," तोमेकिची म्हणाला.

"परत कधी?"

"तू वाट बघू नकोस."

त्याने दार पूर्ण सरकवलं आणि आत गेल्यावर लावून घेतलं. नाकाला फडकं बांधलं नाही. कापराचा वास थंड, हिरवट, आणि त्याखाली कुठेतरी ऊद. बागेकडच्या कागदावर दिवस-रात्री फडफडू लागल्या, मग त्यांचा एकच करडा उजेड झाला. धुराचा तंतू हलला. सुईतला दोरा सुटून पुढे सरकला. तोमेकिचीच्या कानात शिनोचा श्वास पडला, साधा, नेहमीचा, ओळखीचा, आणि त्याला रडू आलं. ती मान वळवतच होती. आता कुठल्याही क्षणी.

तो घाईघाईने आसनाशी गेला, गुडघे दुमडले, आधाराला हात टेकला.

आसन ऊबदार होतं. आत्ताच नव्हे, बराच वेळ कुणी बसलेलं असावं तसं; आणि हाताखाली कापडाची घडी होती, तिच्या आत गुडघा.

तोमेकिचीने हात काढून घेतला. दार मागेच होतं, उठून पळता आलं असतं. पण शिनोचे डोळे वर येत होते. तो उठला नाही.

"जरा सरकून बसा," तो म्हणाला.

शेजारी कापड सळसळलं. जागा झाली, जेमतेम त्याच्यापुरती.